गव्हाएवढं पुढं, तांदळाएवढं मागं

"आई, मे महिन्यात हिला पंधरा दिवस तू कुठंतरी घेऊन जातेस का गं?" लेकीचा फोन आला तेव्हा मी लोणच्याच्या कैऱ्या पुसत बसले होते. 'हिला' म्हणजे माझ्या नऊ वर्षांच्या नातीला. शाळेतून शेरा आला होता : अभ्यासात चांगली आहे, पण वर्गात तोंड उघडत नाही. तेवढ्या एका ओळीनं लेकीची झोप उडाली होती.

पोर तशी गुणी हो. घरात दिवसभर चिवचिव चालते. पण दाराची बेल वाजली की ही आतल्या खोलीत. लग्नकार्यात आईच्या ओढणीत तोंड खुपसलेलं. कुत्रा, पाणी, लिफ्ट, मोठ्यानं बोलणारे काका, अशी भीतीची यादी वाण्याच्या यादीएवढी लांब.

"कोल्हापूरला नेते," मी म्हटलं.

"कोल्हापूर? अगं आई, तिथली माणसं साधं 'जेवलात का' विचारतात तेही भांडल्यासारखं! ही घाबरून जाईल."

"म्हणूनच नेते," मी म्हटलं आणि फोन ठेवला. पुढचं काही तिला सांगितलं नाही. ते आज तुम्हाला सांगते.

मीही अशीच होते. १९७७ सालचा मे महिना. मी दहा वर्षांची. धाकट्या भावाच्या वेळी आईला दिवस गेलेले, डॉक्टरांनी विश्रांती सांगितलेली, म्हणून माझी रवानगी मामाकडे झाली. आईला सोडून राहायची ती पहिलीच वेळ. मामा पुण्याला येऊन मला एस्टीनं घेऊन गेला. कात्रजचा घाट, खंबाटकीचा घाट, सातारा, कऱ्हाड. हातात लिंबू धरून मी खिडकीशी बसले होते. कऱ्हाड गेल्यावर दोन्ही अंगांनी उसाचे मळे दिसू लागले. मामानं उतरून उसाचा रस आणला आणि विचारलं, "आलं घातलेला चालतो का गं?" मला आलं आवडत नव्हतं. पण 'नाही' म्हणायला तोंड उघडावं लागलं असतं, म्हणून मी तो गिळला. इतकी मी मुखदुर्बळ.

मामाचं घर उत्तरेश्वर पेठेत. खाली दोन खोल्या, वर माडी, नि मागं शेजाऱ्यांशी सामाईक पटांगण. दारात पाय ठेवताच आतून मामीचा आवाज आला, "आलीस व्हय? ये की आत! मी आलोच चहा टाकून."

मी चमकून पाहिलं. मामी 'आलो' म्हणाली! मग लक्षात आलं, तिथल्या सगळ्याच बायका तसं बोलतात. मी गेलो, मी जेवलो, मी न्हालो. आमच्या शाळेत कुणी असं बोललं असतं तर बाईंनी पाच वेळा लिहून आणायला लावलं असतं. इथं कुणाला त्यात काही वावगं वाटत नव्हतं. चुकेल या धास्तीनं जिची जीभ टाळूला चिकटलेली, त्या पोरीला याचा केवढा दिलासा वाटला असेल! पण तो नंतर. पहिल्या रात्री मी उशीत तोंड खुपसून रडले, कारण आजूबाजूला सगळे ओरडत होते. आणीबाणी नुकतीच उठलेली, मार्चमध्ये निवडणुका होऊन गेलेल्या. ओट्याओट्यावर पुरुषमंडळी रात्री अकरापर्यंत मोठमोठ्यानं बोलत बसायची. साऱ्या गावाला कंठ फुटला होता. गप्प होते ती मी एकटीच.

पटांगणापलीकडे शेजाऱ्यांचा गोठा. त्यात चार म्हशी. पुण्याच्या बिऱ्हाडात मी म्हैस पाहिली होती ती पुस्तकातली. इथं ती खरोखरीची, काळीशार, माझ्या कपाळापर्यंत उंच, नि नाकातून फुर्रकन वाफ सोडणारी. न्हाणीघर पटांगणाच्या त्या टोकाला, म्हणजे वाट गोठ्यावरून. पहिले दोन दिवस मी अंघोळीला जायची टाळाटाळ केली. मामीला वाटलं, पोरीला थंडी वाजते. मे महिन्यात!

त्या शेजाऱ्यांना एक मुलगा होता, माझ्याहून दोनेक वर्षांनी मोठा. सावळा, किडकिडीत, खांद्यावर कायम एक पंचा. त्याचं नाव मला आजही आठवतं, पण ते इथं लिहीत नाही. तिसऱ्या दिवशी मी टॉवेल छातीशी धरून पटांगणाच्या अलीकडे उभी होते. तो गोठ्यातून बाहेर आला, माझ्याकडे एकदा पाहिलं, म्हशींकडे एकदा पाहिलं, आणि काही न बोलता माझ्या नि गोठ्याच्या मधून न्हाणीघरापर्यंत चालत गेला. मी त्याच्या पलीकडून. तो परत आला तेव्हा हातात बादली होती, जणू बादलीसाठीच गेला होता. दुसऱ्या दिवशी तेच. तिसऱ्या दिवशीही तेच. 'घाबरतेस काय गं' असं तो एकदाही म्हणाला नाही. कुणाला सांगितलंही नाही.

संध्याकाळी तो आणि त्याचे वडील म्हशी घेऊन गंगावेशीत जात. कोल्हापूरला दूध नुसतं बाटलीतलं नि पिशवीतलं प्यायचं नसतं, ते डोळ्यांदेखत काढून प्यायचं असतं. म्हशी कट्ट्यापाशी उभ्या राहतात, गवळी खाली बसून धारा काढतो आणि फेसाळलेला कोमट पेला गिऱ्हाइकाच्या हातात देतो. तालमीतले कान मोडलेले पैलवान, कचेरीतून परतलेले कारकून, लेकुरवाळ्या बाया, सगळे एका रांगेत. ओठांवर सगळ्यांच्याच पांढरी मिशी. मामी मला तांब्या घेऊन पाठवू लागली. जाताना म्हशी पुढं, मी मागं. अरुंद बोळ आला की म्हशी रेंगाळत नि माझे पाय थिजत. तो मुकाट्यानं मागं येई आणि म्हशीच्या अंगाला होऊन चालू लागे. मी भिंतीच्या अंगाला.

पहिल्या रविवारी मामानं मला चप्पल लाइनीत नेऊन कोल्हापुरी वहाणा घेऊन दिल्या. लालसर, गोंड्याच्या, आणि चालताना करकर वाजणाऱ्या. लाजऱ्या पोरीला यापरता शत्रू नाही! पाऊल टाकलं की साऱ्या गल्लीला वर्दी. मी टाचा उचलून चालू लागले. तेव्हा तो प्रथमच माझ्याशी बोलला. म्हणाला, "वाजू दे की. म्हशीला कळतंय कोण आलं ते. तिला दचकायला होत नाही."

म्हणजे म्हैसही दचकते! मलाही कुणी घाबरू शकतं, हे मला त्या दिवशी कळलं. मी टाचा टेकवल्या.

मग आम्ही बोलू लागलो. म्हणजे तो बोले आणि मी मान हलवी. आठवडाभरात मी शब्दही बोलू लागले, तेही मामीसारखे. "मी आलो," म्हणायची मी. त्या उसन्या बोलीत चूक होण्याचं भय नव्हतं. ती भाषा माझी नव्हतीच, तर चूक माझी कशी?

त्याला मी माझी सगळ्यांत मोठी भीती सांगितली. ती म्हैस नव्हती, तो होता रंकाळ्याचा नंदी. आजीनं एका दुपारी गोष्ट सांगितली होती. रंकाळ्याच्या काठी महादेवाचा मोठा दगडी नंदी आहे. तो रोज गव्हाच्या दाण्याएवढा तळ्याकडे सरकतो आणि तांदळाच्या दाण्याएवढा मागं येतो. ज्या दिवशी तो रंकाळ्यापाशी पोचेल त्या दिवशी जगबुडी! आजी सांगून घोरू लागली, आणि मी माडीवर जागी. गव्हातून तांदूळ वजा केला तर उरतं किती? आणि नंदी सुट्टीतच पोचला तर? आई तिकडं पुण्यात, मी इकडं.

माझ्या नातीएवढ्या पोरांच्या भीती अशाच असतात. आपण ऐकतो नि हसतो. तो हसला नाही. थोडा वेळ विचार करून म्हणाला, "मोजूया की."

दुसऱ्या दिवशी दूध घालून झाल्यावर तो मला रंकाळ्यावर घेऊन गेला. गंगावेशीतून पायी फार लांब नाही. एवढं पाणी मी आयुष्यात पाहिलं नव्हतं. पलीकडच्या काठावर शालिनी पॅलेसचा मनोरा. उन्हाळ्यानं पाणी उतरलेलं, त्यामुळे तळ्यातला संध्यामठ दगडी खांबांसकट उघडा पडलेला. पावसाळ्यात तो बुडतो, असं त्यानं सांगितलं. मग आम्ही नंदीपाशी गेलो. तो शांत बसला होता, कुठं जायची घाई असल्यासारखा मुळीच दिसत नव्हता. मुलानं खिशातून खडू काढला आणि नंदीच्या बैठकीला लागून फरशीवर एक बारीक रेघ ओढली. "पंधरा दिसांनी येऊन बघायचं," तो म्हणाला, "सरकला तर रेघ झाकंल." त्या रात्री मला गाढ झोप लागली.

मध्ये एकदा मामानं दोन्ही घरच्या पोरांना पन्हाळ्याला नेलं. कोल्हापूरपासून वीसेक किलोमीटर, उंची तीन हजार फुटांवर. मे महिन्यातही वर वारा गार. सिद्दी जौहरच्या वेढ्यातून महाराज जुलै १६६० मध्ये विशाळगडाकडे निसटले तो हाच किल्ला. मामा इतिहास सांगत होता आणि मी अंधारबावेच्या तोंडाशी उभी होते. तीन दरवाज्याजवळची ही तीन मजली विहीर. काळ्या दगडाच्या पायऱ्या आत उतरत जातात नि तळमजल्याला पाणी. नावातच अंधार. सगळी पोरं आरडाओरडा करत खाली गेली. मी वरच.

तो अर्ध्या वाटेतून परत आला. त्यानं हात पुढं केला नाही. त्या वयात, त्या काळात ते त्याला सुचलंही नसेल. त्यानं खांद्यावरचा पंचा काढला, एक टोक स्वतः धरलं आणि दुसरं माझ्याकडे टाकलं. मी ते धरलं. तो पुढं, मी मागं, मध्ये हातभर पंचा. दूध, गवत नि घाम यांचा वास असलेला. आम्ही उतरलो. खाली गारवा होता आणि वरून एक उजेडाचा कवडसा पाण्यावर पडला होता. मला अंधाराची भीती वाटायची ती त्या दिवशी संपली, असं मी म्हणणार नाही. भीती होतीच. पण हातात पंचाचं टोक होतं.

येताना वळीव गाठला. टपोऱ्या गारा नि मातीचा तो वास. एस्टीत सगळे भिजून चिंब, आणि मी खिडकीतून बाहेर बघत उगीचच हसत होते.

आणि मग कुरडयांचा दिवस आला.

उन्हाळी कामं तुम्ही जाणताच. गच्चीवर पाचसहा घरच्या बायका, गव्हाच्या चिकाचं पातेलं, सोऱ्या, लुगड्यांवर मांडलेल्या पांढऱ्याशुभ्र कुरडया. मी काठी घेऊन कावळे हाकत बसले होते. तो वर आला. हातात पळसाच्या पानाचा द्रोण, त्यात करवंदं. कुणाकडे न बघता त्यानं द्रोण माझ्यापुढं ठेवला.

"काय रे," सोऱ्या फिरवता फिरवता एक काकू म्हणाल्या, "पुण्याची सून केलीस काय?"

सगळ्या हसल्या. मामी हसली. आजी हसली, तोंडाला पदर लावून. दुसरी म्हणाली, "हुंडा काय, दोन म्हशी?" पुन्हा हशा.

मैत्रिणींनो, त्या हसण्यात विष नव्हतं हे मी आज जाणते. त्या सगळ्या माझ्यावर माया करणाऱ्या बायका होत्या. पण त्याचे कान लालबुंद झाले, तो पाठमोरा होऊन जिना उतरला, आणि माझ्या पोटात काहीतरी मिटलं ते मिटलंच. जे आमच्या दोघांत होतं त्याला नाव नव्हतं. त्या बायकांनी त्याला नाव दिलं, तेही मोठ्या माणसांचं, आणि ते एकदम लाजिरवाणं झालं.

दुसऱ्या दिवसापासून तो रस्त्याच्या पलीकडून चालू लागला. मी दूध आणायला जायचं सोडलं. "पोटात दुखतंय," म्हणून सांगितलं. मामीनं ओव्याचं पाणी दिलं. पंधरा दिवस भरले, पण रेघ बघायला कुणी गेलं नाही. निघायच्या दिवशी रिक्षा बोळातून निघाली तेव्हा तो म्हशी घेऊन समोरून येत होता. रिक्षाला वाट द्यायला त्यानं म्हशी भिंतीशी दाबल्या आणि आपण मध्ये उभा राहिला. अगदी माझ्यावरून हातभर अंतरावर. त्यानं पाहिलं. मी माझ्या वहाणांकडे पाहिलं. 'जाते' एवढा एक शब्द, तोही मला काढता आला नाही.

पुढच्या वर्षी मामा सहज बोलून गेला की शेजाऱ्यांनी म्हशी विकल्या नि ते गावाकडे गेले. कुठलं गाव, हे मी विचारलं नाही.

त्याला प्रेम म्हणायचं का? सिनेमातल्यासारखं त्यात काहीच नव्हतं. पण घरच्या माणसांखेरीज कुणीतरी प्रथमच माझी भीती ओळखली होती, तिची चेष्टा केली नव्हती, आणि तिच्यासाठी आपली चालायची बाजू बदलली होती. पुढं लग्न ठरल्यावर आम्ही दोघं पहिल्यांदा फिरायला गेलो, तेव्हा हे रहदारीच्या अंगानं चालत होते. माझं मन तिथंच निवांत झालं. लग्नाला तीस वर्षं झाल्यावर मी यांना ही सगळी हकीकत सांगितली. हे म्हणाले, "म्हणजे मी जन्मभर म्हशीच्या अंगाला!" असो.

तर गेल्या मे महिन्यात नातीला घेऊन मी कोल्हापूरला गेले. मामा-मामी आता नाहीत, मामेभाऊ आणि वहिनी आहेत. जुन्या घराच्या जागी चार मजली इमारत आहे नि गोठ्याच्या जागी वाहनतळ. पण गंगावेशीत संध्याकाळी अजून म्हशी उभ्या राहतात, डोळ्यांदेखत धार निघते आणि माणसं ओठांवर पांढरी मिशी घेऊन घरी जातात. नात माझ्यामागं लपली. मी काही बोलले नाही. तिच्या नि म्हशीच्या मधून चालू लागले.

तुम्ही मुलांना घेऊन जाणार असाल तर दोन गोष्टी सांगून ठेवते. अंबाबाईचं दर्शन पहाटे घ्या. काळ्या दगडाचं हे देऊळ निवांतपणे बघायचं तर तीच वेळ. दहाच्या पुढं फरसबंदी इतकी तापते की मुलं पाय उचलून नाचू लागतात. पिशवीत सुती मोजे असू द्यावेत. किरणोत्सव बघायचा असेल तर मात्र उन्हाळ्यात जाऊन उपयोग नाही. मावळत्या सूर्याची किरणं देवीपर्यंत पोचतात ती नोव्हेंबरात आणि जानेवारीअखेर. चप्पल लाइनीत मुलांना हव्या त्या वहाणा निवडू द्या. कोल्हापुरी चपलेला २०१९ साली भौगोलिक मानांकन मिळालं आहे, पण मुलांना त्याचं काय? माझ्या नातीनं तिथल्या सगळ्या जोडांतून करकर वाजणारीच उचलली! पन्हाळ्याला सकाळी लवकर निघा नि उन्हं उतरल्यावर परता. दुपारनंतर ढग दाटले तर वळीव गाठतोच, तेव्हा छत्री न्या. जागतिक वारशाच्या यादीत मराठ्यांच्या बारा किल्ल्यांची नोंद जुलै २०२५ मध्ये झाली, त्यात पन्हाळाही आहे. अंधारबावेत उतरताना नातीनं माझ्या पदराचं टोक धरलं होतं.

मामेभावानं एक आठवण सांगितली. शाहू महाराज ६ मे १९२२ रोजी गेले. १९१७ साली आपल्या संस्थानात प्राथमिक शिक्षण सक्तीचं नि मोफत करण्याचा हुकूम काढणारा हा राजा. त्यांच्या स्मृतिशताब्दीला, ६ मे २०२२ रोजी सकाळी दहा वाजता, सारं कोल्हापूर जिथल्या तिथं शंभर सेकंद स्तब्ध उभं राहिलं. दुकानं, रिक्षा, भाजीवाल्या, सगळी. नात लक्ष देऊन ऐकत होती. "कुणीच बोललं नाही?" तिनं हळूच विचारलं. "कुणीच नाही," मामेभाऊ म्हणाला, "पण सगळ्यांना सगळं कळलं." ती खुलून हसली. गप्प राहणाऱ्याच्याही मनात काही असतं, हे एवढ्या बोलभांड गावानं तिला पटवलं.

वहिनींच्या इमारतीत एक मुलगा आहे, तिच्याच वयाचा. कोल्हापूरच्या पेठापेठांतून कुस्तीइतकंच फुटबॉलचं वेड, तसा हाही दिवसभर चेंडूमागं. नात जिन्यात बसून बघायची. चौथ्या दिवशी चेंडू तिच्या पायाशी आला. "ए, दे की!" तो ओरडला. तिनं दिला. दुसऱ्या दिवशी तिला चपलांच्या गोलात उभं केलेलं दिसलं. आठव्या दिवशी संध्याकाळी मी नि वहिनी फाटकात उभ्या होतो. तो दोन बर्फाचे गोळे घेऊन आला, एक काला खट्टा, एक गुलाबी. गुलाबी तिच्या हातात दिला.

"अगोबाई!" वहिनींचे डोळे चमकले, "काय रे, आमच्या..."

मी वहिनींचा हात घट्ट दाबला. खरं सांगू, तेच वाक्य माझ्याही जिभेच्या टोकावर आलं होतं. इतक्या वर्षांनी, एवढं सोसून, माझ्यासुद्धा! कौतुकानंच येतं ते. दोन पोरं जवळ दिसली की आपल्याला गंमत सुचते. पण लाजऱ्या मुलाला मनाचं दार उघडायला महिना लागतो, आणि आपल्या एका विनोदानं ते क्षणात लागतं. मी वाक्य गिळलं, तेव्हाच्या आल्याच्या रसासारखं. वहिनी माझ्याकडे बघत राहिल्या. रात्री भांडी आवरताना मी त्यांना कुरडयांच्या दिवसाची गोष्ट सांगितली. त्यांनी नळ बंद केला आणि ऐकली. मग म्हणाल्या, "त्या हसणाऱ्यांत माझी आईपण असंल ओ. आम्ही त्याच गल्लीतले."

निघायच्या आदल्या दिवशी आम्ही रंकाळ्यावर गेलो. मी नातीला नंदीची गोष्ट सांगितली, रेघेसकट. खडूची रेघ कुठली सापडायला! पण वाकून पाहिली मात्र. नातीनं वहिनींच्या डब्यातून एक गहू नि एक तांदूळ मुठीत आणला होता. तिनं ते दोन्ही नंदीच्या बैठकीला टेकवून ठेवले. सकाळी पुन्हा हट्टानं मला तिथं नेलं. दाणे गेले होते.

"सरकला?" मी विचारलं.

"छे," ती म्हणाली, "चिमणीनं खाल्ले." आणि हसत सुटली.

शाळेत ती आता घडाघडा बोलू लागली आहे, असं काही नाही. गव्हाएवढी पुढं येते, तांदळाएवढी मागं जाते. लेकीला मी सांगितलं, घाई करू नकोस, मोजत बसू नकोस, फक्त तिच्या शेजारून चाल.

रिक्षा आली तेव्हा तो मुलगा फाटकात उभा होता, चेंडू काखेत मारून. मी सामान ठेवायचं निमित्त करून पाठ फिरवली. तिच्या नव्या वहाणा दोनदा करकरल्या. मग थांबल्या.

"जातो मी," माझी नात त्याला म्हणाली.